टकमक टोकावरची छत्री



रायगडाच्या टकमक टोकावर उभे राहून खाली पाहिले, की पायथ्याशी निजामपूर नावाचे गाव दिसते. आमच्या महाड भागात त्याला छत्री निजामपूर म्हणतात. ह्या नावामागची कथा तुमच्यापैकी पुष्कळांनी गडावरच्या वाटाड्याकडून ऐकली असेल. शिवाजी महाराज एकदा टकमक टोकावर आले असता त्यांच्या मस्तकावर छत्री धरणारा सेवक वाऱ्याच्या झोताबरोबर उचलला गेला. पण त्याने छत्रीचा दांडा सोडला नाही आणि तो तरंगत तरंगत निजामपुरात सुखरूप उतरला, अशी ती कथा. म्हणजे आपल्या परिसरातला पहिला वैमानिक हाच म्हणायचा!

कथा ऐकून कोणी हसून सोडून देतो, तर कोणी अभिमानाने मान डोलावतो. ह्या दोन्ही गोष्टींना काही कष्ट पडत नाहीत. आपण विज्ञानाचे विद्यार्थी, तेव्हा थोडे कष्ट घेऊ आणि गणित मांडून पाहू.

उंचावरून सोडलेली वस्तू गुरुत्वामुळे खाली येताना तिचा वेग वाढत जातो. पण वेग वाढला की हवेचा विरोधही वाढतो, आणि तो वेगाच्या वर्गाच्या प्रमाणात वाढतो. वेग दुप्पट झाला की विरोध चौपट. असे होता होता एक क्षण असा येतो, की हवेचा विरोध वस्तूच्या वजनाइतका होतो. मग वेग वाढायचा थांबतो आणि पुढचा सर्व प्रवास त्याच वेगाने होतो. ह्या वेगाला अंत्य वेग म्हणतात.

हे तुम्हाला घरी करून पाहता येईल. जेवणावळीत वापरतात तसले पाच सारखे कागदी द्रोण घ्या. एक द्रोण सुटा ठेवा आणि चार एकात एक घट्ट बसवा. चारांचे वजन चौपट, पण हवेला अडवणारे तळाचे क्षेत्रफळ तेवढेच. वजन चौपट म्हणजे अंत्य वेग दुप्पट झाला पाहिजे. म्हणून सुटा द्रोण २ मीटर उंचीवरून आणि चारांची चळत ४ मीटर उंचीवरून एकाच क्षणी सोडा. दोन्ही जवळजवळ एकाच वेळी जमिनीला टेकतील. चळत किंचित मागे राहील. तिला आपला अंत्य वेग गाठायला थोडा अधिक वेळ लागतो, हे त्याचे कारण. शाळेच्या जिन्यावरून हा प्रयोग चांगला होतो. मात्र पंखे बंद ठेवा.

आता आपल्या सेवकाकडे वळू. त्याचे छत्रीसह वस्तुमान ६५ किलोग्रॅम धरू. म्हणजे वजन झाले सुमारे ६३७ न्यूटन. महाराजांची छत्री तुमच्या-आमच्या छत्रीपेक्षा मोठी असणार, म्हणून तिचा व्यास २ मीटर धरू. क्षेत्रफळ ३.१४ चौरस मीटर. हवेची घनता दर घनमीटरला १.२ किलोग्रॅम. उघड्या छत्रीसारखा आकार हवेला किती अडवतो ते सांगणारा एक अंक असतो, त्याला अवरोध गुणांक म्हणतात. तो आपण १.३ घेऊ. ह्या साऱ्यांचा गुणाकार करून त्याला वेगाच्या वर्गाने गुणले आणि निम्मे केले, की हवेचा विरोध मिळतो. तो ६३७ न्यूटनच्या बरोबर ठेवला, की वेगाचा वर्ग येतो २६० आणि वेग येतो सेकंदाला सुमारे १६ मीटर, म्हणजे ताशी ५८ किलोमीटर. १३ मीटर उंचीवरून, चौथ्या मजल्यावरून म्हणा ना, खाली उडी मारली तर जमिनीवर आपटताना हाच वेग असतो. बाजारातली १ मीटर व्यासाची छत्री घेतली, तर वेग याच्या दुप्पट होतो.

सुखरूप उतरायचे तर वेग सेकंदाला साडेपाच मीटरपर्यंत खाली आणला पाहिजे. ती दीड मीटरच्या कठड्यावरून मारलेली उडी झाली, गुडघे वाकवून सहन होण्यासारखी. त्यासाठी छत्रीचा व्यास जवळजवळ ६ मीटर हवा.

पण थांबा. एक गोष्ट आपण जमेस धरली नाही. कथेत वारा आहे. सपाटीवरून आलेला वारा उभ्या कड्याला धडकला, की त्याला वर चढण्यावाचून गती नसते. टकमक टोकापाशी घारी पंख न हलवता तरंगताना दिसतात, त्या ह्याच वर चढणाऱ्या हवेवर. समजा, हवा सेकंदाला १० मीटर वेगाने वर येत असेल, तर हवेतून १६ मीटरने खाली येणारा आपला सेवक जमिनीच्या दृष्टीने फक्त ६ मीटरने खाली येईल. झाले की कथेचे समर्थन! दुर्दैवाने हा वारा कड्यालगतच वर जातो. जमिनीजवळ तो आडवाच वाहतो, आणि आपटणे जमिनीवरच व्हायचे असते. शिवाय सेकंदाला १६ मीटरच्या झोतात छत्री उलटी होते, हे कोकणातल्या मुलांना सांगायला नको.

तेव्हा कथा जशी सांगितली जाते तशी घडली असेल, असे गणित म्हणत नाही. हे वर्गात मांडले की एखादा विद्यार्थी हमखास नाराज होतो. त्याची नाराजी मी समजू शकतो. कथा आपल्या गडाची आहे, आपल्या महाराजांच्या काळातली आहे. परंतु रायगडाचे मोठेपण एका छत्रीवर अवलंबून आहे असे ज्याला वाटते, त्याने रायगड नीट पाहिलेलाच नाही.

मराठीत तत्त्व हा एक मोठा सोयीचा शब्द आहे. आर्किमिडीजचे तत्त्व, बर्नुलीचे तत्त्व असे आपण म्हणतो, आणि तत्त्वनिष्ठ माणूस असेही म्हणतो. दोन्ही ठिकाणी शब्द एकच आहे. निसर्गाचे तत्त्व माणूस पाहून बदलत नाही. तत्त्वनिष्ठ माणसाचेही तसेच असावे लागते. आणि तो तसा आहे की नाही, हे कळण्याची वेळ एकच. उत्तर त्याच्या विरुद्ध येते ती.

आता एक अधिक अवघड उदाहरण घेऊ. मुंबईचे शिवकर बापूजी तळपदे यांनी १८९५ मध्ये गिरगावच्या चौपाटीवर मानवरहित विमान उडवले, म्हणजे राइट बंधूंच्याही आठ वर्षे आधी, असे तुम्ही ऐकले असेल. २०१५ मध्ये त्यावर हिंदी चित्रपटही निघाला. तळपदे हे खरोखरीचे गृहस्थ होते. १८६४ मध्ये जन्मले. संस्कृतचा त्यांचा व्यासंग होता आणि विमानाची त्यांना ओढ होती. ह्याबद्दल त्यांचा आदरच वाटतो. प्रश्न त्यांच्या विमानाचा आहे.

ह्या विमानाला पाऱ्यापासून शक्ती मिळत होती, असे सांगतात. येथे भौतिकीच्या विद्यार्थ्याने कान टवकारले पाहिजेत. पारा हे इंधन नव्हे. पेट्रोल जळते आणि जळताना दर किलोग्रॅमला सुमारे ४६० लाख जूल उष्णता देते. पारा जळून उष्णता देत नाही. तो ३५७ अंश सेल्सियसला उकळतो, आणि त्याची वाफ पुन्हा थंड होऊन द्रव झाली, तर किलोग्रॅममागे जेमतेम ३ लाख जूल परत मिळतात. तीही आधी आपणच त्याला दिलेली असतात. आणि पारा म्हणजे लिटरला साडेतेरा किलोग्रॅमहून अधिक ओझे. वजन कमी करण्यासाठी ज्या यंत्राची धडपड चाललेली असते, त्यात कोणी पारा कशाला भरील?

प्राचीन विमानविद्येचा आधार म्हणून 'वैमानिक शास्त्र' ह्या ग्रंथाचे नाव नेहमी पुढे येते. बंगलोरच्या भारतीय विज्ञान संस्थेतील पाच संशोधकांनी १९७४ मध्ये त्याचा कसून अभ्यास केला. ग्रंथ १९०४ च्या आधीचा असू शकत नाही आणि त्यात वर्णिलेली विमाने उडू शकणार नाहीत, हा त्यांचा निष्कर्ष. ही पाचही माणसे आपल्याच देशातली, विमानविद्या आणि यंत्रविद्या शिकवणारी. प्राचीन भारतात विमाने होती असे सिद्ध झाले असते, तर सर्वांत अधिक आनंद त्यांनाच झाला असता. उत्तर उलट आले आणि त्यांनी ते तसेच छापले. माझ्या मते विमानविद्येच्या इतिहासात भारताची मान उंच करणारे हेही एक प्रकरण आहे. ते कमी सांगितले जाते, एवढेच.

राइट बंधूंची गोष्ट तुम्हाला पाठ आहे: १७ डिसेंबर १९०३, पहिले उड्डाण १२ सेकंदांचे आणि १२० फुटांचे, त्याच दिवशीचे शेवटचे ५९ सेकंदांचे आणि ८५२ फुटांचे. पाहणारे पाच जण हजर होते आणि छायाचित्र आहे. पण खरी गोष्ट दोन वर्षे आधीची आहे आणि ती पाठ्यपुस्तकात सहसा येत नाही.

१९०१ च्या उन्हाळ्यात त्यांनी यंत्राविना तरंगणारे एक विमान बांधले. पंखांचा आकार त्यांनी ऑटो लिलिएन्थाल ह्या जर्मन उड्डाणवीराच्या कोष्टकांवरून ठरवला होता. लिलिएन्थाल हा ह्या भावांचा आदर्श. १८९६ मध्ये तो उड्डाण करतानाच पडून मरण पावला होता. नव्या विमानाने मात्र घोर निराशा केली. गणिताने जेवढे उचलणारे बल यायला हवे होते, त्याच्या जेमतेम एक तृतीयांश आले. आता चूक कोणाची? मृत माणसाची, असे म्हणणे सोपे होते, आणि काही काळ त्यांना तसे वाटलेही.

मग त्यांनी एक वातविवर बनवले. वातविवर म्हणजे लाकडाची लांब पेटी, जिच्या एका तोंडाने पंख्याचा वारा आत सोडतात. यांची पेटी ६ फूट लांब आणि १६ इंच चौकोनी होती. वाऱ्याचा जोर मोजण्याचे काटे त्यांनी सायकलच्या चाकाचे आरे आणि करवतीचे तुकडे यांतून बनवले. सायकल दुरुस्तीचा धंदा करणाऱ्यांच्या दुकानात दुसरे काय मिळणार! ह्या पेटीत त्यांनी दोनशेच्या आसपास छोटे छोटे पंख तपासले. निष्पन्न असे झाले, की लिलिएन्थालची कोष्टके त्याने तपासलेल्या पंखापुरती बरीचशी बरोबर होती. मुख्य चूक होती ती वाऱ्याचा दाब काढण्याच्या गुणांकात. जॉन स्मीटन ह्या इंग्रज अभियंत्याच्या नावाने अठराव्या शतकापासून चालत आलेला हा अंक त्या काळच्या इंग्रजी मापांत ०.००५ इतका धरला जाई. राइट बंधूंना तो ०.००३३ मिळाला. म्हणजे जवळजवळ दीडशे वर्षे अभियंते वाऱ्याचा दाब दीडपट धरत आले होते. बाकीची तूट पंखाच्या आकारामुळे होती.

पाहा, ह्या एका अंकाने काय केले! लिलिएन्थाल दोषमुक्त झाला आणि दोन सायकलवाले विमानापर्यंत पोहोचले. आधीच्या सर्वमान्य अंकावर त्यांनी डोळे मिटून विश्वास ठेवला नाही, तसा स्वतःच्या पहिल्या संशयावरही ठेवला नाही. मला ह्यातला दुसरा भाग अधिक कठीण वाटतो. १९०३ चे त्यांचे विमान वैमानिकासह सुमारे ३४० किलोग्रॅम होते आणि त्याचे इंजिन १२ अश्वशक्तीचे, म्हणजे ९ किलोवॉटचे. आजच्या साध्या मोटारसायकलएवढेच.

आता कोणी विचारील, की वैमानिक म्हणजे शूर आणि शूर म्हणजे तत्त्वनिष्ठ, असेच ना? तसे मुळीच नाही. मे १९२७ मध्ये चार्ल्स लिंडबर्ग हा पंचवीस वर्षांचा अमेरिकन तरुण न्यूयॉर्कहून पॅरिसला एकटा, एका इंजिनाच्या विमानातून, साडेतेहेतीस तासांत गेला. त्याच्या धैर्याला तोड नाही. पण १९३८ मध्ये ह्याच लिंडबर्गने हिटलरच्या राजवटीकडून सन्मानपदक स्वीकारले, आणि सप्टेंबर १९४१ मध्ये जाहीर भाषणात ज्यूंना युद्धखोर ठरवले. अटलांटिक ओलांडणाऱ्याला आपल्या काळाची हवा ओळखता आली नाही. शौर्य एक आणि तत्त्व दुसरे.

लिंडबर्गच्या उड्डाणाच्या दोनच महिने आधी आमच्या महाडात काय घडले ते तुम्हाला ठाऊक आहे. पण त्याचा क्रम पाहा. ऑगस्ट १९२३ मध्ये सी. के. बोले यांनी मुंबईच्या विधिमंडळात ठराव आणला, की सरकारी खर्चाने बांधलेली वा चालवलेली पाणवठ्यांची व इतर सार्वजनिक ठिकाणे अस्पृश्यांना खुली असावीत. तो संमत झाला. १९२४ मध्ये महाड नगरपालिकेनेही चवदार तळे सर्वांना खुले केल्याचा ठराव केला. पुढे तीन वर्षे काय झाले? काहीही नाही. ठराव दप्तरात आणि तळे होते तिथेच. २० मार्च १९२७ रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकर हजारो लोकांसह तळ्यावर गेले आणि ओंजळीने पाणी प्यायले. मी भौतिकीचा शिक्षक असल्यामुळे मला हा प्रसंग नेहमी प्रयोगासारखा वाटतो. कागदावर मांडलेले तत्त्व खरे आहे काय, ते प्रत्यक्ष हाताने पाहिले गेले. उत्तर भयंकर आले. सभेहून परतणाऱ्यांना मारहाण झाली आणि ऑगस्टमध्ये नगरपालिकेने आपलाच ठराव रद्द केला. पण खरी परिस्थिती काय आहे ते सर्वांना कळले, आणि न्यायालयात दहा वर्षे झगडून १९३७ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाचा निकाल बाबासाहेबांच्या बाजूने लागला. ह्या कामी त्यांच्या बरोबर उभे राहिलेल्यांत महाडचेच सुरेंद्रनाथ टिपणीस होते. सवर्ण घरातला हा माणूस आपल्याच गावात आपल्याच लोकांच्या विरुद्ध गेला. दुसऱ्या गावात तत्त्व पाळणे फारसे अवघड नसते.

वैमानिकांकडे परत येऊ. लिंडबर्गच्या तीन वर्षांनंतर, १९३० मध्ये, आगाखान यांनी लावलेल्या ५०० पौंडांच्या बक्षिसासाठी स्पर्धा झाली. भारत आणि इंग्लंड यांच्या दरम्यान जो भारतीय एकटा, ठरावीक मुदतीत, प्रथम विमानाने जाईल त्याला ते मिळायचे. त्या स्पर्धेत उतरलेल्यांत जे. आर. डी. टाटा होते. भारतात दिलेला पहिला वैमानिक परवाना त्यांना फेब्रुवारी १९२९ मध्ये मिळाला होता. ते कराचीहून लंडनकडे निघाले. त्याच वेळी ॲस्पी इंजिनिअर नावाचा सतरा वर्षांचा मुलगा इंग्लंडहून कराचीकडे येत होता. इजिप्तमध्ये अलेक्झांड्रियाजवळ अबुकीर येथे दोघांची गाठ पडली. ॲस्पीचे विमान अडकून पडले होते. त्याला स्पार्क प्लग हवे होते आणि त्याच्याजवळ जादा नव्हते.

स्पार्क प्लग ही बोटाएवढी वस्तू. तिच्या टोकाशी साधारण अर्ध्या मिलिमीटरची फट असते. त्या फटीत काही हजार व्होल्टचा दाब देऊन ठिणगी पाडायची, म्हणजे दाबलेले पेट्रोल आणि हवा यांचे मिश्रण पेटते. फटीत तेलाची काजळी साठली, की वीज ठिणगीऐवजी काजळीतून निघून जाते आणि इंजिन धडधडू लागते. जमिनीवर मोटार असेल तर आपण उतरून प्लग पुसू. भूमध्य समुद्रावर ते जमत नाही.

टाटांनी आपल्याजवळचे जादा प्लग ॲस्पीला दिले. प्रतिस्पर्ध्याला, आणि शर्यत चालू असताना! ॲस्पीने कराची गाठली आणि टाटा थोड्या तासांच्या फरकाने हरले. ह्या मुलाचे पुढे काय झाले? १९६० ते १९६४ ह्या काळात भारतीय हवाई दलाचे प्रमुख असलेले एअर मार्शल इंजिनिअर ते हेच.

१५ ऑक्टोबर १९३२ रोजी टाटांनी कराचीहून अहमदाबादमार्गे जुहूला टपालाचे पहिले विमान आणले. टपाल होते २५ किलोग्रॅम. दहा ग्रॅमचे एक पत्र धरले, तर अडीच हजार पत्रे झाली. तेथून नेव्हिल व्हिन्सेंट ह्या त्यांच्या सहकाऱ्याने ते बेल्लारीमार्गे मद्रासला नेले. भारतीय हवाई वाहतुकीची सुरुवात ती ही. जुहूचा तळ म्हणजे खाजणातली सपाट जमीन. पावसाळ्यात ती पाण्याखाली जाई, म्हणून चार महिने सारा मुक्काम पुण्याला हलवावा लागे. विमानात रेडिओ नव्हता. अशा विमानाने पावसाळ्यात सह्याद्री ओलांडायचा म्हणजे काय, हे पोलादपूरच्या विद्यार्थ्यांनी आंबेनळी घाटाकडे पाहून मनात आणावे. समुद्रावरून आलेली दमट हवा ह्या भिंतीवर चढते. दर हजार मीटरला ती सुरुवातीस सुमारे दहा अंशांनी थंड होते. तिच्यातल्या बाष्पाचे ढग होतात आणि घाटमाथा त्या ढगात बुडून जातो. वर महाबळेश्वरला वर्षाला साडेपाच हजार मिलिमीटरहून अधिक पाऊस पडतो तो ह्यामुळेच. टकमक टोकावर घारींना तोलणारी हवा ती हीच. वाऱ्याच्या बाजूला ती विमानाला वर नेते आणि डोंगरापलीकडे खाली दाबते. ज्याला खालचा कडा दिसत नाही, त्याच्या दृष्टीने ही दुसरी गोष्ट जिवावर बेतणारी. असे असूनही पहिल्या वर्षभरात कराचीची एकही जोडगाडी, म्हणजे विलायतेला जाणारे टपाल, टाटांच्या विमानामुळे चुकले नाही. पश्चिम घाटाचा उल्लेख करून सरकारच्या हवाई वाहतूक खात्याने आपल्या अहवालात त्याची शाबासकी दिली.

१९५३ मध्ये सरकारने सर्व विमान कंपन्या ताब्यात घेतल्या. टाटांचा ह्याला विरोध होता आणि त्यांनी तो लपवला नाही. कंपनी गेली, तरी एअर इंडियाचे अध्यक्षपद त्यांनी स्वीकारले आणि १९७८ मध्ये सरकारने दूर करीपर्यंत सांभाळले. जी गोष्ट आपल्या मते चुकीच्या पद्धतीने घेतली गेली, तीच पंचवीस वर्षे नीट चालवून दाखवायची, ह्याला काय म्हणावे ते तुम्ही ठरवा. २०२२ मध्ये ती कंपनी पुन्हा टाटांकडे आली, तेव्हा त्यांना जाऊन अठ्ठावीस वर्षे झाली होती.

१९५३ मध्ये केंद्र सरकारच्या तिजोरीच्या किल्ल्या ज्यांच्याकडे होत्या, ते अर्थमंत्री आमच्या महाड तालुक्यातले. रायगडाला जाताना नाते गाव लागते. तेथे १४ जानेवारी १८९६ रोजी चिंतामण द्वारकानाथ देशमुख यांचा जन्म झाला. अर्थमंत्री आणि रिझर्व्ह बँकेचे पहिले भारतीय गव्हर्नर म्हणून तुम्हाला ते माहीत आहेत. पण ते मूळचे विज्ञानाचे विद्यार्थी होते, हे फार थोड्यांना ठाऊक असते. मॅट्रिकला १९१२ मध्ये ते पहिले आले आणि संस्कृतची जगन्नाथ शंकरशेट शिष्यवृत्ती मिळवली. केंब्रिजला त्यांनी वनस्पतिशास्त्र, रसायन आणि भूविज्ञान घेतले. वनस्पतिशास्त्राचे बक्षीस १९१७ मध्ये पटकावले, आणि दुसऱ्या वर्षी आय. सी. एस. परीक्षेत पहिला क्रमांक. पुढे 'मेघदूता'चा त्यांनी मराठीत अनुवादही केला. मेघाचा हवाई मार्ग हा भारताच्या नकाशावरचा सर्वांत जुना हवाई मार्ग, असे आपण गमतीने म्हणू.

१९५२ च्या निवडणुकीत ते कुलाबा मतदारसंघातून लोकसभेत गेले. कुलाबा म्हणजे आजचा रायगड जिल्हा. त्यानंतर राज्यपुनर्रचनेचा प्रश्न आला. मुंबई महाराष्ट्रापासून वेगळी करून केंद्राच्या ताब्यात ठेवायची, असे सरकारने जाहीर केले. मुंबईत आंदोलन पेटले, गोळीबारात माणसे मेली. देशमुख मंत्रिमंडळात होते. दुसरी पंचवार्षिक योजना नुकतीच सुरू झाली होती आणि देशाला अर्थमंत्र्याची गरज होती. गप्प बसायला ह्याहून सोयीचे कारण कोणते? जुलै १९५६ मध्ये त्यांनी राजीनामा दिला आणि लोकसभेत उभे राहून त्याची कारणे सांगितली. गोळीबाराची चौकशी होत नाही, ही त्यांपैकी एक तक्रार होती. पाच वर्षांपूर्वी, १९५१ मध्ये, हिंदू कोड बिल रखडले म्हणून डॉ. आंबेडकरांनी कायदामंत्रिपद सोडले होते. एक ह्या तालुक्यात जन्मलेला, दुसऱ्याने ह्या तालुक्यात इतिहास घडवलेला. केंद्रीय मंत्रिपद सोडणारी दोन माणसे, आणि दोघांचा महाडशी असा संबंध, ह्याचा आम्हाला थोडा अभिमान वाटला तर तुम्ही रागावू नका. हा अभिमान तपासून घेता येतो. तारखा आहेत, राजीनाम्यांची निवेदने छापलेली आहेत.

राजीनाम्यानंतर देशमुख विद्यापीठ अनुदान आयोगाचे अध्यक्ष झाले. आज आमच्यासारख्या प्राध्यापकांचे वेतन आणि महाविद्यालयांच्या प्रयोगशाळा ज्या संस्थेच्या नियमांवर चालतात, ती संस्था उभी करण्यात त्यांची पाच वर्षे गेली. मुंबईसह महाराष्ट्र १ मे १९६० रोजी झाला. तोपर्यंत ते त्या आयोगावरच होते.

२ ऑक्टोबर १९८२ रोजी हैदराबादला त्यांचे निधन झाले. त्यानंतर तेराव्या दिवशी, १५ ऑक्टोबरला, पहिल्या टपालफेरीला पन्नास वर्षे पूर्ण झाली म्हणून जे. आर. डी. टाटा एका जुन्या लेपर्ड मॉथ विमानात एकटेच बसले आणि कराचीहून अहमदाबादमार्गे जुहूला उतरले. तेव्हा त्यांचे वय ७८ होते.